सेवाग्रामचा प्रवेश अर्ज : वर्धा जिल्ह्यातील महाविद्यालयीन प्रवेश परीक्षांचा इतिहास

महाविद्यालयाच्या प्रवेश परीक्षेसाठी नाव नोंदवण्याची रीत भारतात आधुनिक विद्यापीठांबरोबरच आली. १८५७ मध्ये कलकत्ता, मुंबई आणि मद्रास येथे विद्यापीठे स्थापन झाली. आपल्याकडे कोणाला घ्यायचे हे ठरवण्यासाठी या विद्यापीठांनी मॅट्रिक्युलेशन, म्हणजेच प्रवेशाची परीक्षा, सुरू केली. मॅट्रिक ही शाळेची शेवटची परीक्षा हा समज पुढचा. मुळात ती विद्यापीठाची पहिली परीक्षा होती. मुंबई विद्यापीठाची पहिली मॅट्रिक १८५९ मध्ये झाली. महादेव गोविंद रानडे आणि रामकृष्ण गोपाळ भांडारकर हे त्या पहिल्याच तुकडीतले उत्तीर्ण विद्यार्थी.

वर्धा जिल्ह्याचा या रीतीशी संबंध आला तो वेगळ्या वाटेने. हा भाग मुंबई इलाख्यात नव्हता, मध्य प्रांतात होता. १८६२ मध्ये नागपूर जिल्ह्यातून वर्धा जिल्हा वेगळा काढण्यात आला. जिल्ह्याचे ठाणे आधी पुलगावजवळच्या कवठ्याला होते. १८६६ मध्ये पालकवाडी या खेड्याच्या जागी वर्धा शहर वसवण्यात आले. पाठोपाठ रेल्वे नागपूरपर्यंत पोचली आणि कापसाच्या व्यापाराने शहर वाढू लागले. शाळा आल्या, पण महाविद्यालय नव्हते. पुढे शिकायचे तर नागपूर गाठावे लागे. तेथे १८८३ मध्ये हिस्लॉप कॉलेज आणि १८८५ मध्ये मॉरिस कॉलेज सुरू झाले. मध्य प्रांताला स्वतःचे विद्यापीठ नसल्याने ही महाविद्यालये आधी कलकत्ता विद्यापीठाला जोडलेली होती. १९०४ च्या विद्यापीठ कायद्यानंतर ती अलाहाबाद विद्यापीठाच्या कक्षेत गेली. वर्ध्याच्या मुलाने परीक्षेचा अर्ज भरायचा, तो हेडमास्तरांच्या सहीशिक्क्याने शेकडो मैलांवरच्या विद्यापीठाकडे जायचा आणि निकालही तिकडूनच यायचा, अशी ही व्यवस्था होती.

त्या अर्जात विद्यार्थ्याबद्दल थोडकेच विचारलेले असे: नाव, वडिलांचे नाव, वय, शाळा, घेतलेले विषय आणि भरलेली फी. मुलाची वर्तणूक चांगली असल्याचा दाखला हेडमास्तर देत. खरी गाळणी उत्तरपत्रिकेत होई आणि तीही मुख्यतः इंग्रजीच्या. गणित, इतिहास आणि भूगोल हे विषयही इंग्रजीतूनच लिहायचे असल्याने ज्याचे इंग्रजी कच्चे त्याचे सगळेच विषय कच्चे ठरत. विद्यापीठाला कसा विद्यार्थी हवा होता, हे या रचनेतून उघड दिसते. इंग्रजीत शिकवलेले समजून घेईल आणि इंग्रजीत उत्तर लिहील असा तरुण त्याला हवा होता.

विद्यापीठाकडून मंडळाकडे

१९२० नंतरच्या काही वर्षांत ही व्यवस्था बदलली. मध्य प्रांतात १९२२ च्या कायद्याने हायस्कूल शिक्षणासाठी वेगळे मंडळ स्थापन झाले आणि ४ ऑगस्ट १९२३ रोजी नागपूर विद्यापीठ अस्तित्वात आले. शालेय परीक्षा घेण्याचे काम मंडळाकडे आणि उच्च शिक्षण विद्यापीठाकडे, अशी विभागणी झाली. ही घटना प्रशासकीय वाटली तरी तिचा परिणाम दूरगामी होता. महाविद्यालयात कोण येणार हे ठरवणारी परीक्षा आता महाविद्यालयीन शिक्षण देणाऱ्यांच्या हाती राहिली नाही. शाळा सोडतानाचे गुण हाच पुढच्या प्रवेशाचा आधार बनला.

स्वातंत्र्यानंतर हीच पद्धत टिकली. १९५६ मध्ये विदर्भ मुंबई राज्यात आला आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात. महाराष्ट्राच्या १९६५ च्या कायद्यानुसार १ जानेवारी १९६६ पासून राज्याचे माध्यमिक शिक्षण मंडळ काम करू लागले आणि पुणे व नागपूर ही त्याची पहिली विभागीय मंडळे झाली. वर्धा जिल्हा नागपूर विभागात आला. आज दहावी-बारावीचा फॉर्म भरणारा हिंगणघाट, आर्वी किंवा कारंजा घाडगेचा विद्यार्थी याच विभागीय मंडळाकडे नाव नोंदवतो.

दरम्यान वर्ध्यातच महाविद्यालये उभी राहू लागली होती. जमनालाल बजाज यांच्या पुढाकाराने १९१४ मध्ये स्थापन झालेल्या शिक्षा मंडळाने १९४० मध्ये गोविंदराम सेकसरिया वाणिज्य महाविद्यालय सुरू केले. श्रीमन्नारायण अग्रवाल त्याचे प्राचार्य होते. मातृभाषा शिक्षणाचे माध्यम व्हावी असा आग्रह धरणाऱ्यांत ते अग्रणी होते. १९६२ मध्ये जानकीदेवी बजाज विज्ञान महाविद्यालय निघाले. या महाविद्यालयांचा प्रवेश सरळ होता. गुणपत्रिका, शाळा सोडल्याचा दाखला आणि फी घेऊन कार्यालयाच्या खिडकीशी जायचे. जागा असेल तर नाव लागे. वेगळ्या प्रवेश परीक्षेची कोणाला गरज वाटत नव्हती.

परीक्षेलाच आव्हान : १९३७ ची वर्धा परिषद

ज्या शहरातून मुले परीक्षेचे अर्ज भरत होती, त्याच शहरात परीक्षापद्धतीच्या मुळालाच हात घालणारा विचार मांडला गेला. २२ आणि २३ ऑक्टोबर १९३७ रोजी वर्ध्याच्या नवभारत विद्यालयात राष्ट्रीय शिक्षण परिषद भरली. गांधीजी अध्यक्षस्थानी होते. मोफत आणि सक्तीचे शिक्षण, मातृभाषेचे माध्यम आणि हस्तोद्योगाला केंद्र मानून दिलेले शिक्षण, हे परिषदेचे मुख्य ठराव. त्यांच्या आधारे अभ्यासक्रम आखण्यासाठी डॉ. झाकिर हुसेन यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली आणि तिने त्याच वर्षी डिसेंबरमध्ये अहवाल दिला. हीच पुढे ‘वर्धा योजना’ किंवा नई तालीम म्हणून देशभर ओळखली गेली.

समितीने प्रचलित परीक्षांवर फार कठोर शब्दांत टीका केली. परीक्षेला तिच्या उपयुक्ततेपेक्षा कितीतरी अधिक महत्त्व दिले गेल्याने शिक्षणाची हानी झाली आहे, असे तिचे मत होते. प्रत्येक मुलाला गुणांच्या तराजूत घालण्याऐवजी एखाद्या भागातील शाळांचे काम नमुना चाचण्यांनी तपासावे, म्हणजे परीक्षा शाळेची व्हावी, मुलाची नव्हे, असा पर्याय तिने सुचवला. शिक्षणाचे मोजमाप विद्यार्थ्याच्या स्मरणशक्तीवरून न करता शाळेने काय घडवले यावरून करावे, ही दृष्टी त्या काळाच्या मानाने फारच पुढची होती.

वर्ध्याजवळच्या सेवाग्रामला ई. डब्ल्यू. आर्यनायकम आणि आशादेवी या दांपत्याने हिंदुस्थानी तालिमी संघाच्या वतीने या विचाराची शाळा प्रत्यक्षात चालवून दाखवली. सूतकताई, शेती, स्वयंपाक, सफाई यांतून गणित, विज्ञान आणि समाजशास्त्र शिकवले जाई. पुढे बुनियादी म्हणजे पायाभूत शिक्षणानंतरच्या उत्तर बुनियादी वर्गांचीही जोड मिळाली. मात्र अशा शाळेतून बाहेर पडणाऱ्या विद्यार्थ्यासमोर विद्यापीठाचा प्रवेश अर्ज येई तेव्हा त्यातल्या ‘उत्तीर्ण परीक्षा’ या रकान्यात लिहायला त्याच्याकडे काही नसे. शाळा परीक्षा मानत नाही आणि विद्यापीठ परीक्षेवाचून काही मानत नाही, या कोंडीतून नई तालीम फारशी सुटली नाही. तरीही मुलाला काय पाठ आहे यापेक्षा तो कसा जगतो आणि हाताने काय करतो हे पाहावे, हा विचार सेवाग्रामच्या मातीत रुजला. तीस वर्षांनी तो एका वेगळ्याच ठिकाणी, वैद्यकीय महाविद्यालयाच्या प्रवेशात, पुन्हा वर आला.

सेवाग्रामचे वैद्यकीय महाविद्यालय

गांधीजी ३० एप्रिल १९३६ रोजी शेगाव या वर्ध्यापासून आठ किलोमीटरवरच्या खेड्यात राहायला गेले. त्याच नावाच्या दुसऱ्या गावाशी घोटाळा होऊ लागल्याने १९४० मध्ये त्याचे नाव सेवाग्राम ठेवण्यात आले. डॉ. सुशीला नय्यर या दिल्लीच्या लेडी हार्डिंग वैद्यकीय महाविद्यालयात शिकलेल्या डॉक्टर तेथील गांधीजींच्या आश्रमात आल्या, त्यांनी गावकऱ्यांवर उपचार सुरू केले आणि गांधीजींच्या प्रकृतीची काळजीही त्याच घेऊ लागल्या. १९४२ मध्ये आगाखान पॅलेसच्या बंदिवासात गांधीजींनी आरोग्यावर जे पुस्तक लिहिले, त्याचा इंग्रजी अनुवादही त्यांचाच. २२ फेब्रुवारी १९४४ रोजी कस्तुरबांचे तेथेच निधन झाले. त्यांच्या स्मरणार्थ सेवाग्रामला स्त्रिया आणि मुलांसाठी १५ खाटांचे छोटे रुग्णालय सुरू झाले. हेच आजचे कस्तुरबा रुग्णालय.

सुशीला नय्यर १९६२ ते १९६७ या काळात केंद्रीय आरोग्यमंत्री होत्या. त्याच काळात, १९६४ मध्ये, कस्तुरबा हेल्थ सोसायटी स्थापन झाली. मंत्री म्हणून त्यांनी एक गोष्ट जवळून पाहिली होती. देशात वैद्यकीय महाविद्यालये वाढत होती, पण ती सगळी शहरांत होती. तेथे घडलेला डॉक्टर शहरातच थांबे. खेड्याकडे जायला तयार नसे. डॉक्टर खेड्यात हवा असेल तर त्याचे शिक्षणच खेड्यात व्हायला हवे, हा यावरचा त्यांचा उपाय होता. गांधी जन्मशताब्दीच्या वर्षी, १९६९ मध्ये, सेवाग्रामला महात्मा गांधी आयुर्विज्ञान संस्था सुरू झाली. ग्रामीण भागात उभे राहिलेले हे देशातले पहिले वैद्यकीय महाविद्यालय मानले जाते. पहिल्या तुकडीत ६० विद्यार्थी होते. खर्चाचा अर्धा भार केंद्र सरकारने, पाव राज्य सरकारने आणि पाव कस्तुरबा हेल्थ सोसायटीने उचलायचा, अशी वाटणी ठरली. महाविद्यालय नागपूर विद्यापीठाला संलग्न होते. १९९८ मध्ये नाशिकला महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठ स्थापन झाल्यावर ते त्या विद्यापीठाकडे गेले.

केंद्राचा पैसा असल्याने जागाही साऱ्या देशासाठी खुल्या ठेवण्यात आल्या. निम्म्या महाराष्ट्रातल्या विद्यार्थ्यांना, निम्म्या इतर राज्यांतल्या. केरळ, बिहार, पंजाब, आसाम अशा ठिकाणच्या शाळांचे, मंडळांचे आणि गुणांचे मोजमाप एकमेकांशी जुळणारे नव्हते. एका मंडळाचे ७० टक्के आणि दुसऱ्याचे ८० टक्के यांत श्रेष्ठ कोण हे गुणपत्रिका सांगू शकत नव्हती. त्यामुळे सेवाग्रामला स्वतःची प्रवेश परीक्षा घेणे भाग होते. पूर्वी विद्यापीठाकडून मंडळाकडे गेलेले प्रवेशाचे मोजमाप अशा रीतीने पुन्हा शिक्षण देणाऱ्या संस्थेच्या हाती आले.

गांधी विचारांचा पेपर

भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र आणि जीवशास्त्र यांचा पेपर इतर कोणत्याही वैद्यकीय प्रवेश परीक्षेसारखा होता. सेवाग्रामचे वेगळेपण होते ते गांधी विचारांच्या स्वतंत्र पेपरात. डॉक्टर होऊ इच्छिणाऱ्या सतरा-अठरा वर्षांच्या मुलाला येथे गांधीजींचे जीवन, सत्याग्रह, खादी, ग्रामस्वराज्य, अस्पृश्यता निवारण, निसर्गोपचार, स्वच्छता अशा विषयांवर लिहावे लागे. बारावीच्या पाठ्यपुस्तकांबरोबर गांधीजींचे आत्मचरित्र आणि गांधी विचारांवरची इतर पुस्तके अभ्यासाच्या टेबलावर येत. देशातल्या वैद्यकीय प्रवेशात असा पेपर दुसरीकडे नव्हता.

अर्ज भरण्याची रीतही सविस्तर होती. इंटरनेटपूर्वीच्या काळात माहितीपुस्तिका आणि अर्ज संस्थेकडून टपालाने मागवायचे. त्यासाठी राष्ट्रीयीकृत बँकेत रांग लावून संस्थेच्या नावाचा डिमांड ड्राफ्ट काढायचा, आपला पत्ता लिहिलेले पाकीट जोडायचे आणि पत्र रजिस्टरने पाठवायचे. पुस्तिका हाती आली की खरे काम सुरू होई. पासपोर्ट आकाराचे फोटो, दहावीच्या प्रमाणपत्राची प्रत, जन्मतारखेचा पुरावा, रहिवासी दाखला, राखीव जागेसाठी जातीचा दाखला, हे सगळे गोळा करायचे. प्रत्येक झेरॉक्सवर राजपत्रित अधिकाऱ्याची सही आणि गोल शिक्का लागे. गावात असा अधिकारी म्हणजे बहुधा तहसीलदार, सरकारी दवाखान्याचा डॉक्टर किंवा शासकीय महाविद्यालयाचा प्राध्यापक. त्याची वेळ सापडेपर्यंत बाप आणि मुलगा व्हरांड्यात बसून राहत. साक्षांकनाची ही सक्ती २०१४ नंतरच्या काळात कमी होऊन स्वसाक्षांकन आले. लक्षात येण्यासारखी गोष्ट अशी की शहरी घरात ही धावपळ एका दिवसात उरके, तर खेड्यातल्या घराची मजुरीही बुडे आणि आठवडाही जाई. खेड्यासाठी डॉक्टर घडवू पाहणाऱ्या परीक्षेच्या वाटेवरही खेड्यातल्या मुलाला अधिक चालावे लागे, हे वास्तव होते.

माहितीपुस्तिकेत संस्थेची आचारसंहिता स्पष्ट छापलेली असे. खादी वापरायची, श्रमदानात भाग घ्यायचा, सर्वधर्म प्रार्थनेला उपस्थित राहायचे, मांसाहार, मद्य आणि तंबाखू यांपासून दूर राहायचे. अर्जावर सही करणारा विद्यार्थी आणि त्याचे पालक या अटी वाचूनच पुढे जात. एरवी प्रवेश अर्ज विद्यार्थ्याकडून माहिती घेतो आणि त्याला फारसे काही सांगत नाही. सेवाग्रामच्या अर्जात देवाणघेवाण दोन्ही बाजूंनी होती. संस्था आपण कोण आहोत आणि तुमच्याकडून काय अपेक्षितो हे आधीच सांगत होती. ज्याला ते मान्य नसेल त्याने दुसरे महाविद्यालय पाहावे, हा त्याचा सरळ अर्थ होता.

गांधी विचारांच्या पेपरावर एक आक्षेप नेहमी घेतला जाई. गांधी विचारांची उत्तरे पाठ करून लिहिता येतात, त्यावरून मनाची ओढ कशी कळणार? आक्षेपात तथ्य आहे. शंभर गुणांच्या उत्तरपत्रिकेत सेवाभाव मोजता येत नाही. झाकिर हुसेन समितीनेही परीक्षेच्या याच मर्यादेवर बोट ठेवले होते. पण पेपराचे मोल गुणांपुरते नव्हते. तो सोडवण्यासाठी प्रत्येक उमेदवाराला काही आठवडे तरी गांधीजींसोबत काढावे लागत. निवड झालेल्या ६०-६५ जणांनीच नव्हे तर न झालेल्या हजारोंनीही ती पुस्तके वाचली. परीक्षेचा सगळा अभ्यास स्पर्धेत पुढे जाण्यासाठी असतो. त्यातले एक पान तरी आपण डॉक्टर का व्हायचे या प्रश्नासाठी राखून ठेवणे, हे या पेपराने साधले.

प्रवेशानंतर हीच शिकवण कृतीतून पुढे जाई. नव्या तुकडीचे पहिले १५ दिवस गांधीजींच्या आश्रमात उद्बोधन शिबिरात जातात. पहाटेची प्रार्थना, सूतकताई, सफाई आणि साधे जेवण यांची ओळख तेथे होते. शवविच्छेदनाचे टेबल त्यानंतर. त्याच वर्षी प्रत्येक तुकडी जवळचे एक गाव दत्तक घेते आणि तेथे राहून समाजसेवा शिबिर करते. प्रत्येक विद्यार्थ्याकडे काही कुटुंबे सोपवली जातात. घरातली माणसे, पिण्याचे पाणी, शौचालय, मुलांचे लसीकरण, गर्भवतीची तपासणी अशा गोष्टींची नोंद तो ठेवतो आणि शिबिर संपल्यावरही त्या घरांत जात राहतो. पुढे १९९२ पासून संस्थेने पदव्युत्तर प्रवेशासाठी ग्रामीण भागात, निवडक स्वयंसेवी संस्थांत, दोन वर्षे काम करण्याची अट घातली. म्हणजे पदव्युत्तर प्रवेशाच्या अर्जातही खेड्यातल्या सेवेचा रकाना आला.

खासगी महाविद्यालये आणि सामाईक परीक्षा

१९८३ च्या सुमारास वसंतदादा पाटील यांच्या सरकारने विनाअनुदानित तत्त्वावर खासगी अभियांत्रिकी आणि वैद्यकीय महाविद्यालयांना वाट मोकळी करून दिली आणि महाराष्ट्रातले प्रवेशाचे चित्र पालटले. त्याच वर्षी सेवाग्रामला बापूराव देशमुख अभियांत्रिकी महाविद्यालय सुरू झाले. १९९० मध्ये वर्ध्याजवळ सावंगी मेघे येथे जवाहरलाल नेहरू वैद्यकीय महाविद्यालय निघाले. पुढे ते दत्ता मेघे अभिमत विद्यापीठाचा भाग झाले. जिल्ह्यात दोन वैद्यकीय महाविद्यालये झाली आणि विदर्भातल्या अनेक गावांतली मुले वर्ध्यात येऊ लागली. जागा वाढल्या तसा देणग्यांचा प्रश्नही उभा राहिला. राज्य सरकारने १९८७ मध्ये देणगी घेण्यास बंदी करणारा कायदा केला. तरी गुण, पैसा आणि जागा यांचा मेळ कसा घालायचा, हा वाद न्यायालयांत चालूच राहिला.

या वादातून आणि मंडळामंडळांतल्या गुणांच्या तफावतीतून सामाईक प्रवेश परीक्षेची कल्पना बळावली. राष्ट्रीय पातळीवर, सर्वोच्च न्यायालयाच्या १९८४ च्या प्रदीप जैन खटल्याच्या निकालानंतर, शासकीय वैद्यकीय महाविद्यालयांतल्या काही जागा अखिल भारतीय परीक्षेने भरल्या जाऊ लागल्या. महाराष्ट्रात १९९९ मध्ये आरोग्य विज्ञान अभ्यासक्रमांसाठी राज्याची सीईटी सुरू झाली आणि काही वर्षांनी अभियांत्रिकीही तिच्या कक्षेत आली. २०१५ च्या कायद्यानंतर राज्य सीईटी कक्षाकडे हे सारे काम आले. एका अर्जावर अनेक महाविद्यालयांचा दरवाजा उघडू लागला, हा विद्यार्थ्यांचा मोठा फायदा होता. दर महाविद्यालयाचा वेगळा फॉर्म, वेगळी फी आणि वेगळा प्रवास यांत गरीब घराची कंबर मोडत असे.

मात्र फॉर्म एक झाला तरी कागदपत्रांचे ओझे कमी झाले नाही. रहिवासी दाखला, उत्पन्नाचा दाखला, नॉन-क्रिमी लेयर प्रमाणपत्र यांसाठी तहसील कार्यालयातल्या सेतू केंद्रापुढे दर उन्हाळ्यात रांगा लागतात. जातवैधता प्रमाणपत्रासाठी पडताळणी समितीकडे आजोबा-पणजोबांपर्यंतचे पुरावे द्यावे लागतात. कोतवाल बुकातली नोंद, शाळेच्या जुन्या दाखलखारीजातला उतारा, जमिनीचे जुने कागद यांच्या शोधात घरचे लोक वर्षभर फिरतात. अर्जाची मुदत मात्र काही आठवड्यांची असते. म्हणून कागदपत्रे आधीपासून तयार ठेवणारा विद्यार्थी आणि निकालानंतर धावाधाव करणारा विद्यार्थी यांच्यातला फरक परीक्षेच्या गुणांइतकाच निर्णायक ठरू लागला.

नीट आणि सेवाग्रामचा पेपर

देशातल्या सगळ्या वैद्यकीय महाविद्यालयांसाठी एकच परीक्षा घेण्याचा निर्णय भारतीय वैद्यक परिषदेने २०१० मध्ये घेतला. ५ मे २०१३ रोजी पहिली नीट झाली. मराठीसह काही प्रादेशिक भाषांतही तिची प्रश्नपत्रिका होती. पण त्याच वर्षी १८ जुलै रोजी सर्वोच्च न्यायालयाने दोन विरुद्ध एक अशा बहुमताने ती रद्द ठरवली. या खटल्यातला एक प्रमुख वादी वेल्लोरचे ख्रिश्चन मेडिकल कॉलेज होते. सेवाग्रामप्रमाणे त्या संस्थेचीही विद्यार्थी निवडण्याची स्वतःची पद्धत होती आणि तिच्यातही सेवेची तयारी पाहिली जाई. दोन वेगळ्या परंपरांतून आलेल्या या संस्थांचा प्रश्न एकच होता. सेवेसाठी स्थापन झालेल्या महाविद्यालयाने आपला विद्यार्थी केवळ शास्त्रविषयांतल्या गुणांवर निवडावा का?

११ एप्रिल २०१६ रोजी न्यायालयाने आधीचा निकाल मागे घेतला आणि २८ एप्रिलला त्याच वर्षापासून नीट घेण्याचा आदेश दिला. महाराष्ट्रात त्यामुळे मोठा गोंधळ उडाला. राज्यातली मुले ५ मेच्या सीईटीची तयारी राज्य मंडळाच्या अभ्यासक्रमावर करत होती. नीट मात्र वेगळ्या अभ्यासक्रमाची आणि त्या वर्षी फक्त इंग्रजी व हिंदीत होती. २४ मेच्या वटहुकुमाने राज्यांच्या शासकीय जागांना त्या एका वर्षापुरती सवलत मिळाली. २०१७ पासून मराठीसह दहा भाषांत नीट होऊ लागली. २०१९ पासून राष्ट्रीय चाचणी संस्था ती घेते. २०२० पासून एम्स आणि जिपमर यांच्या स्वतंत्र परीक्षाही बंद झाल्या. त्याच वर्षी २९ एप्रिल रोजी, वेल्लोरच्या संस्थेच्याच खटल्यात, अल्पसंख्याक आणि खासगी महाविद्यालयांनाही नीट बंधनकारक असल्याचा निकाल लागला.

या बदलात सेवाग्रामची स्वतंत्र परीक्षा संपली आणि तिच्याबरोबर गांधी विचारांचा पेपरही. संस्थेच्या जागा आता नीटच्या गुणांवर भरल्या जातात. एकाच परीक्षेचे लाभ खरे आहेत. निवडीत पारदर्शकता आली, देणगीवर बसलेला प्रवेश कठीण झाला, उमेदवाराला दहा ठिकाणी हिंडावे लागत नाही. किंमतही खरी आहे. विद्यार्थी पसंतीक्रमाच्या यादीत महाविद्यालयांची नावे चढत्या-उतरत्या क्रमाने भरतो. मागच्या वर्षी कोणत्या गुणांवर कुठे प्रवेश बंद झाला, हे पाहून तो क्रम ठरतो. सेवाग्राम हे त्या यादीतले एक नाव झाले. ते महाविद्यालय कशासाठी निघाले, हे माहीत नसतानाही तेथे प्रवेश मिळू शकतो.

आजचा अर्ज

आज वर्धा जिल्ह्यातल्या विद्यार्थ्याचे प्रवेशाचे वर्ष अनेक अर्जांत विभागलेले असते. वैद्यकीयसाठी नीट, अभियांत्रिकी आणि औषधनिर्माणशास्त्रासाठी राज्याची सीईटी, राष्ट्रीय अभियांत्रिकी संस्थांसाठी जेईई. केंद्रीय विद्यापीठांच्या पदवी प्रवेशासाठी २०२२ पासून सीयूईटी आली. १९९७ मध्ये वर्ध्यात स्थापन झालेले महात्मा गांधी आंतरराष्ट्रीय हिंदी विश्वविद्यालय हे केंद्रीय विद्यापीठ असल्याने या परीक्षेचा संबंध जिल्ह्याशी थेट येतो. सगळे अर्ज ऑनलाइन आहेत. ईमेल आणि मोबाइल क्रमांक नोंदवायचा, ओटीपी टाकायचा, माहिती भरायची, फोटो, सही आणि काही परीक्षांसाठी बोटांचे ठसे स्कॅन करून ठरलेल्या आकारात चढवायचे, फी भरायची आणि पावतीचे पान छापून ठेवायचे. घरी संगणक नसलेली मुले हे काम गावातल्या ऑनलाइन सेवा केंद्रात करून घेतात. तेथे भरणाऱ्याने प्रवर्गाच्या रकान्यात एक चुकीची निवड केली तर तिचा परिणाम थेट प्रवेशापर्यंत पोचतो. म्हणून अर्ज दुसऱ्याने भरला तरी शेवटचे पान विद्यार्थ्याने स्वतः ओळ न ओळ वाचावे, नोंदवलेला मोबाइल क्रमांक आपलाच असावा आणि दुरुस्तीची मुदत उघडते तेव्हा पुन्हा एकदा तपासावे, हे शिक्षक आवर्जून सांगतात.

दीडशे वर्षांत वर्ध्याच्या विद्यार्थ्याचा अर्ज कलकत्त्याहून अलाहाबादला, तेथून नागपूरला आणि आता राष्ट्रीय चाचणी संस्थेच्या संकेतस्थळावर गेला. प्रत्येक टप्प्यावर अर्जाने तेच विचारले जे अर्ज मागवणाऱ्याला महत्त्वाचे वाटले: आधी इंग्रजी, मग मंडळाचे गुण, मग सामाईक परीक्षेतला क्रमांक. या क्रमात सेवाग्रामचा अर्ज अपवाद होता, कारण त्याने विद्यार्थ्याला कसे जगायचे आहे हेही विचारले. तो प्रश्न आता अर्जात उरलेला नाही. आश्रमातल्या १५ दिवसांच्या शिबिरात, दत्तक गावात आणि विद्यार्थ्याकडे सोपवलेल्या कुटुंबांत तो उरला आहे. प्रवेशाआधी विचारण्याची संधी गेल्याने प्रवेशानंतरच्या या कामाची जबाबदारी वाढली आहे. डॉक्टर खेड्यात घडावा हा १९६९ चा हेतू टिकवायचा, तर तो आता निवडीतून नव्हे, शिक्षणातूनच साधावा लागणार आहे.